खिमा-बटाटा पाय: आठवड्याच्या मधल्या वारी, एकाच पॅनमध्ये

पत्र, थोडं कापून: ताई, मी लीड्सला राहते, पूर्णवेळ नोकरी, घरी नवरा, इयर टू मधला (सहा-सात वर्षांचा) मुलगा आणि सध्या सहा महिन्यांसाठी आलेल्या सासूबाई. मुलाला शाळेत मिळतो तसा कॉटेज पाय घरी हवा असतो. मी लॅम्बचा खिमा घेते, त्यात चिरलेल्या टोमॅटोचा एक टिन आणि दोन कप पाणी घालून शिजवते, वर उकडलेल्या बटाट्याचं क्रीम घातलेलं मॅश, आणि मग ओव्हनमध्ये चाळीस मिनिटं. दरवेळी मॅश खाली बुडतं आणि रस वर येतो. जेवायला पावणेनऊ वाजतात आणि सिंकमध्ये सहा-सात भांडी. मुलगा म्हणतो शाळेसारखं नाही, नवरा म्हणतो मसाला कुठाय, सासूबाई विचारतात हे पोळीशी खायचं की भाताशी. त्यात शाळेतला पाय बीफचा असतो हे मला आत्ता कळलंय. नेटवर वन-पॅन वन-पॅन म्हणून दाखवतात तसं खरंच एका पॅनमध्ये होतं का? कसं करू? – दमलेली, लीड्स

अगं दमलेली,

तुझ्या हाताला काही झालेलं नाहीये, घोळ सगळा पाण्याचा आहे. टिनमधले टोमॅटो ४०० ग्रॅम, त्यात बहुतेक पाणीच, वर तू दोन कप ओततेस, खिमा स्वतःचं पाणी सोडतो ते वेगळं, आणि बटाटे पाण्यात उकडून त्यात परत क्रीम. म्हणजे खाली आमटी आणि वर लापशी. ते बुडणारच, आणि ओव्हनमध्ये चाळीस मिनिटं ठेवलंस की खालचा रस उकळून कडेने वर येणारच, त्यात तुझं काही चुकलं असं नाही, ती रेसिपीच बहुतेक पास्त्याच्या सॉसची उचलून कुणीतरी वर बटाटा लावलेला आहे. पायमध्ये टोमॅटो असतो तो रंगापुरता आणि किंचित आंबटपणापुरता, ट्यूबमधली टोमॅटो प्युरे दीड चमचा, बास. (आपल्याकडे खोक्यात मिळते ती पातळ प्युरे नव्हे, इथल्या ट्यूबमधली घट्ट पेस्ट.)

आता एका पॅनचं. खरं सांगू का, ज्या रेसिपीत वर मॅश आहे ती शंभर टक्के एका भांड्यात होत नाही, बटाटा कुठेतरी वेगळा शिजवायलाच लागतो, व्हिडिओत तो आधीच वाडग्यात तयार असतो आणि तो वाडगा कुणी मोजत नाही. पण एक पॅन आणि एक वाडगा एवढ्यात नक्की होतं, सुरी आणि पाट धरला तरी तुझ्या सहा-सात भांड्यांच्या निम्म्याच्या आसपास. आणि पाऊण तासात होतं. त्यासाठी दोन गोष्टी बदल, बटाटे मायक्रोवेव्हमध्ये आणि शेवट ओव्हनऐवजी ग्रिलखाली (ओव्हनमध्येच छताला असतो तो, फक्त वरून आच देणारा). ओव्हन कशाला लागतो सांग, खिमा शिजलेला, बटाटा शिजलेला, दोन्ही गरम, आता फक्त वरून खरपूस व्हायचंय, त्याला ग्रिलची आठ-दहा मिनिटं पुरतात. ओव्हनची चाळीस मिनिटं ही आदल्या दिवशी करून फ्रिजमध्ये ठेवलेल्या गार पायसाठी असतात, तो आतपर्यंत गरम व्हायला वेळ लागतो म्हणून.

घरात शिरलीस की कोट काढायच्या आधी बटाटे लाव. चार मोठे, साधारण दोन-दोनशे ग्रॅमचे, धुवायचे, सोलायचे नाहीत, काट्याने सगळीकडून टोचायचे (हे विसरू नकोस, न टोचलेला बटाटा मायक्रोवेव्हमध्ये फुटतो आणि मग तो साफ करण्यात संध्याकाळ जाते), ८०० वॉटवर बारा ते चौदा मिनिटं, मध्ये एकदा उलटायचे. सुरी आरपार सहज गेली पाहिजे, नाही गेली तर अजून दोन मिनिटं. मग तसेच आत राहू देत, स्वतःच्या वाफेवर मुरतात. याचा फायदा नुसता वेळेचा नाही, पाण्यात उकडलेला बटाटा पाणी पितो आणि हा पाणी सोडतो, त्यामुळे मॅश कोरडं आणि हलकं होतं, तुझी निम्मी तक्रार इथेच मिटली. बटाटा कुठला घेतेस ते मात्र बघ, पिशवीवर मॅरिस पायपर किंवा किंग एडवर्ड लिहिलेलं हवं. ते पिठूळ असतात. शार्लट किंवा ते छोटे न्यू पोटॅटो सॅलडला चांगले, चिकट असतात, त्यांचं मॅश होत नाही, खळ होते. मॅरिस पायपर १९६६ पासून बाजारात आहे आणि इथल्या चिप्सच्या दुकानांत बहुधा तोच असतो, त्यामुळे कुठेही मिळेल.

बटाटे फिरतायत तोवर खिमा. इथे जरा थांबून सांगते कारण आपल्या सगळ्यांची खिम्याची सवय इथे आड येते. आपण घरी काय करतो, कांदा परततो, आलं-लसूण, त्यावर खिमा, ढवळ ढवळ ढवळतो, पाणी सुटलं की झाकण, कुकर असेल तर दोन-तीन शिट्ट्या. बोकडाच्या मटणाला ते बरोबरच आहे, तो खिमा शिजायला वेळ घेतो. इथला लॅम्बचा खिमा कोवळा आणि बारीक असतो, त्याला झाकून शिजवलंस की तो करडा, उकडल्यासारखा होतो आणि ती चव मग कितीही मसाला टाकून झाकली जात नाही. तर पसरट जाड बुडाचा पॅन घे, अठ्ठावीस सेंटिमीटरचा असला तर उत्तम, ५०० ग्रॅमचं पाकीट त्यात सरळ उलटं कर, तेल घालू नकोस, उलथन्याने दाबून थालीपीठ थापतो तसा पॅनभर पसर, आच मोठी कर आणि हात लावू नकोस. चार-पाच मिनिटं. आधी फसफस आवाज येईल, तो पाण्याचा, मग आवाज बदलून चुरचुर व्हायला लागेल, तो चरबीचा, आणि कडेला तपकिरी रंग दिसायला लागेल. आता उलथन्याने मोठे तुकडे करून उलट, अजून दोन-तीन मिनिटं, आणि मग फोड. बुडाला जे तपकिरी चिकटलेलं असेल ते करपलेलं नाहीये, तीच पुढची ग्रेव्ही आहे, ते घासून काढायची घाई नको.

लॅम्बच्या पाकिटावर चरबीचं प्रमाण लिहिलेलं असतं, वीस टक्केवाला स्वस्त असतो आणि चवीलाही बरा, पण तो चांगली अर्धी वाटी चरबी सोडतो. पॅन तिरका करून चमच्याने काढ, मोठा चमचाभर ठेव. काढलेली सिंकमध्ये ओतू नकोस, लॅम्बची चरबी गार झाली की मेणासारखी गोठते आणि पाइप तुंबतो. लंडनला व्हाइटचॅपलच्या खाली २०१७ मध्ये गटारात १३० टनांचा चरबीचा गोळा सापडला होता, तो असाच ओतलेल्या चरबीचा आणि टॉयलेटमध्ये टाकलेल्या वाइप्सचा. जुन्या जॅमच्या बाटलीत ओत, गोठली की कचऱ्यात.

खिमा पॅनच्या एका बाजूला सरकव, मोकळ्या जागेत एक मोठा कांदा बारीक चिरून, दोन गाजरं अगदी छोट्या फोडी करून किंवा सरळ किसून (घाई असेल तर किसच, लवकर शिजतात आणि मुलांना दिसत नाहीत), दोन लसूण पाकळ्या. पाचेक मिनिटं परतलंस की टोमॅटो प्युरे दीड चमचा, ती एक मिनिट नुसती परत, कच्चा वास जाईपर्यंत. मग मैदा, मोठा एक चमचा शीग लावून. हा मैदाच तुझ्या रेसिपीत नव्हता, हाच रस धरून ठेवतो, सगळ्या खिम्यावर भुरभुरवून मिनिटभर हलव म्हणजे चरबी पिऊन घेतो आणि नंतर गुठळ्या होत नाहीत. आता २५० मिली गरम पाण्यात स्टॉकचा एक क्यूब विरघळवून ते ओत, एकदम नाही, दोन-तीनदा करून, आणि बुडाचं सगळं खरवडून घे. वुस्टरशर सॉस (इथला पातळ, काळपट, आंबट-खारट सॉस) मोठा चमचाभर, मिरपूड भरपूर, थाइमची दोन-चार पानं असली तर. मीठ शेवटी, चाखून, क्यूबमध्ये मीठ मजबूत असतं. झाकण न ठेवता मध्यम आचेवर दहा-बारा मिनिटं.

कधी झालं ते घड्याळावर बघू नकोस, चमचा पॅनच्या बुडावरून सरळ ओढ, मागे रस्ता उघडा राहिला आणि रस हळूहळू परत मिळाला तर झालं. चमच्यामागे लगेच रस धावत आला तर अजून आटव. सुक्या खिम्याइतकं कोरडं मात्र करू नकोस, पायमध्ये बटाटा कालवून खायचा असतो, तेवढा ओलावा हवा. मटार घालायचे तर फ्रोजनच थेट मूठभर, शेवटी, ते पण थोडं पाणी सोडतात म्हणून घातल्यावर दोन मिनिटं मोठ्या आचेवर. मग गॅस बंद.

एव्हाना बटाटे तयार. मध्ये कापून चमच्याने गर वाडग्यात काढ, सालं तशीच वेगळी होतात, सोलणं वाचलं. गरम असतानाच कुस्कर, चाळीस ग्रॅम बटर, मीठ, आणि दूध गरम करून दोन-तीन चमचे, क्रीम नको. मिक्सर, ब्लेंडर, त्या फिरत्या पात्याची कुठलीच वस्तू बटाट्याला लावायची नाही, आतला स्टार्च फुटून बाहेर येतो आणि मॅश रबरासारखं ताणलं जातं. साधा मॅशर किंवा काटा. जायफळ किसून चिमूटभर घाल, हे इथले लोकपण घालतात आणि आपल्यालाही ओळखीचं वाटतं. मॅश चमच्यावरून स्वतःहून पडायला नको, झटकलं की पडलं पाहिजे, एवढं घट्ट.

खिमा तोपर्यंत पाच-सात मिनिटं गार झालाय, वर किंचित साय धरल्यासारखा दिसतो, हे मुद्दाम, उकळत्या रसावर मॅश टाकलं तर बुडणारच. आणि मधोमध गोळा टाकून पसरवायचं नाही. मॅशचे छोटे छोटे गोळे आधी कडेने गोल लाव, पॅनच्या काठाला चिकटवून, कड बंद झाली की मग मधला भाग भर. कडेने रस वर यायचा तो याने थांबतो. काट्याने वरून रेघा ओढ, खडबडीत जेवढं तेवढं छान, उंचवटे तेच खरपूस होतात. पन्नास ग्रॅम चेडर चीज किसून, ग्रिल आधीपासून तापलेला, मधल्यापेक्षा एक खण वर, आठ-दहा मिनिटं, आणि ग्रिल चालू असताना किचन सोडायचं नाही, शेवटच्या दोन मिनिटांत सोनेरीचं काळं होतं.

दांड्याकडे बघ बाई. प्लॅस्टिकचा किंवा लाकडी दांडा असेल तर पॅन ग्रिलखाली जाऊ शकत नाही, फॉइल गुंडाळून वगैरे उद्योग नकोत, नॉनस्टिकपण सगळे चालत नाहीत, बुडाखाली लिहिलेलं असतं. बिडाचा पॅन किंवा पूर्ण स्टीलचा असला तर बिनधास्त. नसेल तर काचेच्या ट्रेमध्ये ओत आणि तो ग्रिलला चालतो ना तेवढं बघून घे, साधी काच ग्रिलच्या थेट आचेला तडकते. एक भांडं वाढलं तर वाढू दे, त्यासाठी नवीन महागडा पॅन लगेच घ्यायला जाऊ नकोस. आणि ग्रिलखालून काढल्यावर दांड्यावर ओव्हन ग्लव्ह तसाच चढवून ठेव, टेबलावर कुणीतरी सवयीने धरतोच. घरात लहान मूल आहे म्हणून जास्त सांगते.

आता मसाल्याचं भांडण. मी इथे मुलाच्या बाजूने आहे, सॉरी. या पदार्थात गरम मसाला, धने-जिरे, कांदा-लसूण मसाला घातलास की तो पाय राहत नाही, बटाट्याखाली दडवलेला खिमा होतो आणि तो खिमा मग पावाशिवाय अपुरा वाटतो, नवऱ्याची तक्रार त्यातूनच येतेय, त्याला पाय आवडत नाही असं नाहीये, तो मनात खिमा-पाव ठरवून बसतो. मिरपूड मात्र कंजूषपणा न करता घाल, वुस्टरशरमध्ये चिंच असतेच, त्यामुळे आंबट-तिखट-गोड असं काहीतरी आपल्या जिभेला सापडतं. आणि तडजोड हवीच असेल तर ती मॅशच्या खाली कर. खिमा पॅनमध्येच आहे, मॅश लावायच्या आधी अर्ध्या भागावर हिरव्या मिरचीचा ठेचा चमचा-दोन चमचे पातळ पसर, ती बाजू ओळखायला वरती काट्याच्या रेघा आडव्या आणि दुसऱ्या बाजूला उभ्या. मुलाला उभ्या रेघांचा, नवऱ्याला आडव्या. एकाच पॅनमध्ये दोन्ही, आणि कुणाला वेगळं काही करून घातल्यासारखं होत नाही.

मुलगा शाळेसारखं नाही म्हणतो त्याचं कारण बहुतेक ग्रेव्ही आहे. शाळेत बहुधा बिस्टोसारखे तयार ग्रेव्हीचे ग्रॅन्युल्स (गरम पाण्यात विरघळणारे दाणे) असतात, गडद तपकिरी, खारट, गुळगुळीत, आणि टोमॅटो जवळजवळ नाहीच. तू मैद्याच्या ऐवजी स्टॉकमध्ये दोन चमचे ते ग्रॅन्युल्स घातलेस तर ग्रेव्ही दाटपण होईल आणि त्याला एकदम शाळेचं वाटेल. मी स्वतः मैदाच वापरते, ग्रॅन्युल्सची चव सगळीकडे सारखी येते, पण सात वर्षांच्या मुलाला तेच तर हवं असतं. डब्यावरचे घटक तेवढे वाच, म्हणजे तुम्हाला न चालणारं काही नाही ना ते कळेल.

बीफबद्दल. हो, इथे कॉटेज पाय म्हटलं की बीफ आणि शेफर्ड्स पाय म्हटलं की लॅम्ब, आजकाल पाकिटांवर असंच असतं, त्यामुळे शाळेच्या मेनूत कॉटेज पाय लिहिलंय म्हणजे बीफच धरून चाल. इंग्लंडमध्ये सप्टेंबर २०१४ पासून रिसेप्शन (शाळेचं पहिलं वर्ष) ते इयर टू सगळ्या मुलांना शाळेचं जेवण फुकट आहे, त्यामुळे बरेच पालक मेनू नीट न बघता हो म्हणून टाकतात, तू एकटी नाहीस. तुमच्या घरात काय चालतं ते तुम्ही दोघांनी ठरवायचं, मी त्यात पडत नाही, पण नको असेल तर शाळेच्या ऑफिसला एक साधा ईमेल टाक की बीफ नको, असे निरोप त्यांना रोज येतात, बहुतेक ठिकाणी दुसरा पर्याय असतो. मुलाला रागावू नकोस, त्याने काही लपवलेलं नाही. आणि सासूबाईंना हे दुसऱ्या कुणाकडून कळण्यापेक्षा तुम्ही दोघांनी, म्हणजे खरंतर नवऱ्याने, सांगितलेलं बरं, त्याची आई आहे. सांगताना घरचा पाय लॅम्बचाच असतो हेही सांगावं म्हणजे त्या निदान ताटाकडे संशयाने बघणार नाहीत.

सासूबाईंचा प्रश्न मला आवडला, पोळी की भात. दोन्ही नाही, बटाटा आहे तोच पोळीच्या जागी, हे त्यांना एकदा सांगितलं की झालं. बटाटा आणि खिमा ही जोडी आपल्याकडे काही नवीन नाही, मुंबई-गोव्याकडे पोटॅटो चॉप्स करतात त्यात खिमा आत आणि बटाटा बाहेर असतो, रव्यात घोळवून तळलेले, त्यांनी कधीतरी खाल्लेच असतील, त्याचाच हा न तळलेला भाऊबंद म्हणून वाढ. बाजूला काहीतरी आंबट मात्र पाहिजे, नाहीतर तिसऱ्या घासाला जड वाटतं. यॉर्कशर-लँकेशरमध्ये मीट अँड पोटॅटो पायबरोबर लाल कोबीचं व्हिनेगरमधलं लोणचं देतात, बाटलीत तयार मिळतं, ते सासूबाईंना आवडेल बघ. नाहीतर कांद्याची लिंबू पिळलेली कोशिंबीर.

त्यांचे सोमवार-गुरुवार असतील तर त्या दिवशी हाच पाय अख्ख्या मसुराचा होतो, भिजवलेले मसूर नुसते मऊ शिजवून घे, मोडू देऊ नकोस, बाकी कृती तीच, चरबीच्या जागी दोन चमचे तेल आणि स्टॉक भाजीचा. फक्त वुस्टरशरच्या बाटलीत अँचोव्ही मासे असतात, शाकाहारी दिवशी ती चालणार नाही. त्याऐवजी शेफील्डचा हेंडरसन्स रेलिश हा तसाच सॉस घेऊन ये, १८८५ पासूनचा आहे, त्यात मासे नाहीत, चिंच आणि लवंग आहे, यॉर्कशरमध्ये राहतेस तर दुकानात सहज दिसेल.

खिमा कुठून आणतेस ते तू लिहिलेलं नाहीस. सुपरमार्केटचं पाकीट चालतं, पण तुमच्या लीड्सच्या कर्कगेट मार्केटमध्ये खाटकांची अख्खी ओळ आहे, तिथे खांद्याचं मांस दाखवून समोर एकदाच दळून दे म्हण, दोनदा नको, फार बारीक झालं की भाजताना खिम्याचा लगदा होतो. हलाल दुकानातला मटण खिमा आणलास तर तो बहुतेक मोठ्या मेंढीचा, चवीला जबरदस्त पण अर्धा-पाऊण तास शिजायला मागतो, बुधवारी त्याच्या नादाला लागू नकोस. तो रविवारचा. रविवारी दुप्पट खिमा ग्रेव्हीपर्यंत करून ठेव, निम्मा गार करून फ्रीझरच्या पिशवीत चपटा भरून ठेव, गोळा नको, चपट्या पिशवीतला बर्फ लवकर वितळतो. ज्या दिवशी हवा त्याच्या आदल्या रात्री खाली फ्रिजमध्ये काढून ठेवलास तर त्या संध्याकाळी फक्त बटाटे आणि ग्रिल, पंचवीस मिनिटांत जेवायला बसता. पॅनमध्ये घालून नीट उकळी मात्र येऊ दे, नुसता कोमट करून वर मॅश लावायचं नाही.

शुक्रवारी जरा निवांत असशील तर इकडचा खरा मीट अँड पोटॅटो पाय करून बघ, त्यात मॅशची भानगडच नाही आणि तो खरोखर एका पॅनमध्ये होतो. बटाट्याच्या दीड सेंटिमीटरच्या फोडी खिम्याच्या ग्रेव्हीतच टाकायच्या, पाणी थोडं जास्त, मऊ होईपर्यंत शिजवायच्या, गार होऊ द्यायचं, आणि वर तयार लाटलेली पेस्ट्रीची शीट झाकणासारखी पसरून मध्ये वाफेला चीर. २०० डिग्रीवर पंचवीस-तीस मिनिटं, पंख्याचा ओव्हन असेल तर १८०. गरम सारणावर पेस्ट्री टाकलीस तर त्यातलं बटर वितळून ती ओली होते, म्हणून गार. बाजारात तयार पाय घेताना मात्र विचार, बऱ्याच ठिकाणी सारण बीफचं असतं आणि कव्हरमध्ये डुकराची चरबी, लार्ड, असू शकते.

भारतातून वाचणाऱ्यांनी बोकडाचा खिमा आधी कुकरला दोन-तीन शिट्ट्या करून घ्या, त्याचं पाणी स्टॉक म्हणून वापरा, मग तो पॅनमध्ये तेलावर कोरडा होईपर्यंत परतून पुढची कृती. बटाटा जुना घ्या, नवा चिकट असतो. वुस्टरशर नसेल तर चिंचेचा कोळ, थोडा सोया सॉस, व्हिनेगर आणि चिमूटभर साखर, तंतोतंत नाही होत पण काम होतं. ओटीजी असेल तर फक्त वरचा रॉड लावून पूर्ण तापमानावर.

उरलं तर, आणि चौघांत ५०० ग्रॅमचा थोडा उरतोच, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये आणि दोन दिवसांत संपव. नवऱ्याला डब्यात दे, ऑफिसच्या मायक्रोवेव्हमध्ये मध्यापर्यंत वाफ येईल इतका गरम करायला सांग, वरवर कोमट नाही, आणि गरम एकदाच करायचा. नाहीतर मॅश आणि खिमा सगळं एकत्र कालव, फार ओलं वाटलं तर ब्रेडचा चुरा घाल, टिक्क्या थापून रव्यात घोळव आणि तव्यावर थोड्या तेलात मंद आचेवर आतपर्यंत कडकडीत गरम होऊ देत. त्याच्याबरोबर मात्र सासूबाईंना पोळी दे, आणि नवऱ्याला पाव.